कोणत्या देशाकडून खेळावे, याविषयी चिरंजीवास

रावेर, जि. जळगाव

चि. बाळास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

अमेरिकेच्या वीस वर्षांखालील फुटबॉल संघाच्या शिबिराचे बोलावणे आल्याचे तू कळवलेस, ते वाचून घरात सगळ्यांना फार आनंद झाला. शेवटी तू विचारले आहेस की पुढे कोणत्या देशाकडून खेळावे आणि याबाबत माझे मत काय आहे. फोनवर अशा गोष्टी अर्धवट राहतात, म्हणून सविस्तर लिहितो. माझे मत आधीच सांगून टाकतो. शिबिराला अवश्य जा, पण कोणत्याही देशाच्या वरिष्ठ संघाकडून अधिकृत, म्हणजे स्पर्धेतला किंवा पात्रता फेरीतला, सामना खेळण्याची घाई करू नकोस, आणि केवळ आम्हाला बरे वाटावे म्हणून भारताचे नागरिकत्व घेण्याचा विचार तर मुळीच करू नकोस. असे का म्हणतो ते समजावून सांगतो.

तुझा जन्म न्यू जर्सीतला असल्यामुळे अमेरिकेचे नागरिकत्व तुला जन्मतःच मिळाले. तू सहा वर्षांचा असताना माझ्या नोकरीमुळे आपण जर्मनीत गेलो, आणि २७ जून २०२४ पासून तिथला कायदा बदलल्यामुळे गेल्या वर्षी जुने नागरिकत्व न सोडता तुला जर्मनीचेही नागरिकत्व घेता आले. आज तू या दोन्ही देशांचा नागरिक आहेस. भारताच्या कायद्याच्या दृष्टीने मात्र तू ओसीआय कार्डधारक, म्हणजे भारतीय वंशाचा परदेशी नागरिक आहेस. तुझ्या आजीला हे कितीही सांगितले तरी पटत नाही, पण कागदावरची स्थिती तीच आहे.

पासपोर्ट हातात असला म्हणजे त्या देशाकडून खेळता येतेच असे नाही. फिफाच्या, म्हणजे जागतिक फुटबॉल महासंघाच्या, नियमानुसार खेळाडूचा, त्याच्या आई-वडिलांपैकी कोणाचा किंवा आजी-आजोबांपैकी कोणाचा जन्म त्या देशात झालेला असावा लागतो, नाहीतर तिथे ठरावीक वर्षे वास्तव्य झालेले असावे लागते. दहाव्या वर्षाच्या आत राहायला आलेल्या मुलाला तीन वर्षे पुरतात, त्यानंतर आलेल्याला पाच लागतात. अमेरिकेसाठी तू जन्माने पात्र आहेस आणि जर्मनीसाठी वास्तव्याने. आपण नोकरीसाठी स्थलांतर केले होते, तुझ्या फुटबॉलसाठी नव्हे, ही गोष्टही तुझ्या बाजूची आहे. तेव्हाचे घरभाड्याचे करार आणि तुझ्या शाळेचे दाखले मी जपून ठेवले आहेत, लागतील तेव्हा पाठवीन.

आता घाई का नको ते सांगतो. मैत्रीपूर्ण सामन्याने खेळाडू कायमचा बांधला जात नाही. दिएगो कोस्टा २०१३ मध्ये ब्राझीलकडून दोन मैत्रीपूर्ण सामने खेळला आणि पुढच्याच वर्षी स्पेनकडून विश्वचषकात उतरला. डेक्लन राइस २०१८ मध्ये आयर्लंडकडून असे तीन सामने खेळून २०१९ मध्ये इंग्लंडच्या संघात गेला. वीस वर्षांखालील संघाकडून पात्रता फेरीतला अधिकृत सामना खेळलास, तरीही देश बदलण्याची वाट उरते, कारण दुसऱ्या देशाचे नागरिकत्व आजच तुझ्याकडे आहे. मात्र हा बदल आयुष्यात एकदाच करता येतो. वरिष्ठ संघाकडून अधिकृत सामना खेळल्यावर वाट फारच अरुंद होते. २०२० मध्ये फिफाने नियम थोडा सैल केला, तरी एकविसावे वर्ष पूर्ण होण्याआधी जास्तीत जास्त तीन सामने झालेले असावेत, शेवटच्या सामन्यानंतर तीन वर्षे गेलेली असावीत आणि विश्वचषकाच्या किंवा खंडाच्या मुख्य स्पर्धेत खेळाडू उतरलेला नसावा, अशा अटी आहेतच. तुझ्या वयाच्या खेळाडूने आंतरराष्ट्रीय सामन्यांविना तीन वर्षे काढणे म्हणजे काय, हे तुला मी सांगायला नको. म्हणून शिबिराला जा, मैत्रीपूर्ण सामने खेळ, प्रशिक्षक आणि सोबती कसे आहेत ते पाहा, पण तिथे कोणी कसलाही कागद पुढे केला तर वाचल्याशिवाय सही करू नकोस.

भारताबद्दल जरा जास्त लिहावे लागेल, कारण तुझ्याकडे या गोष्टीचा आग्रह आपल्याच माणसांकडून येणार आहे. इथे लग्नात, बाजार समितीत, बसस्टँडवर कोणीही भेटले की पहिला प्रश्न हाच असतो की पोरगा भारताकडून कधी खेळणार. लोकांचा भाव चांगला आहे आणि मला त्याचा अभिमानही वाटतो, पण त्यांना या निर्णयाची किंमत ठाऊक नसते. आपल्या देशात दुहेरी नागरिकत्व नाही. स्वेच्छेने दुसऱ्या देशाचे नागरिकत्व घेतलेला माणूस भारताचा नागरिक राहत नाही, हे राज्यघटनेच्या नवव्या अनुच्छेदापासून १९५५ च्या नागरिकत्व कायद्यापर्यंत स्पष्ट आहे. २००८ पासून क्रीडा मंत्रालयाचे धोरणही असे आहे की भारतीय पासपोर्ट असलेल्यानेच देशाचे प्रतिनिधित्व करावे. तेव्हा तुला भारताकडून खेळायचे असेल तर अमेरिका आणि जर्मनी या दोन्ही देशांचे नागरिकत्व सोडावे लागेल. तेवढ्यानेही भागत नाही. ओसीआय कार्डधारकाला नोंदणीने नागरिक व्हायचे असेल, तर कार्डाला पाच वर्षे झालेली असावी लागतात, तुझी ती झाली आहेत, आणि शिवाय अर्जाच्या आधी बारा महिने भारतात वास्तव्य असावे लागते. म्हणजे जर्मनीतला क्लब सोडून वर्षभर इथे येऊन राहावे लागेल, आणि त्या वर्षात खेळायचे तर इथल्याच एखाद्या क्लबकडून. दुसऱ्या बाजूने, अमेरिकेच्या किंवा जर्मनीच्या वरिष्ठ संघाकडून अधिकृत सामना खेळलास की मघाची तीन सामन्यांची सवलत भारतासाठी तुला लागू होणार नाही, कारण त्या सामन्यांच्या वेळी भारताचे नागरिकत्व तुझ्याकडे नसेल. तुझ्यासाठी हा निर्णय दोन्ही बाजूंनी कायमचा आहे.

हे पाऊल उचललेले दोन खेळाडू तुला माहीत असतील. इझुमी अराता जपानमध्ये जन्मला, त्याचे वडील भारतीय. त्याने जपानचे नागरिकत्व सोडले आणि पुण्याच्या क्लबकडून खेळत असताना २०१३ मध्ये तो भारताच्या संघात आला. रायन विल्यम्स हा ऑस्ट्रेलियात जन्मलेला खेळाडू, त्याची आई मुंबईची. त्याने २०२५ मध्ये ऑस्ट्रेलियाचे नागरिकत्व सोडून भारतीय पासपोर्ट घेतला. या दोघांविषयी मला मनापासून आदर आहे. पण अराता त्याआधी कित्येक वर्षे भारतात खेळत होता, आणि विल्यम्स २०२३ पासून बंगळूरच्या क्लबमध्ये होता आणि पासपोर्ट हाती आला तेव्हा बत्तीस वर्षांचा होता. दोघांचेही पोट ज्या मैदानांवर चालत होते, त्याच देशाचे ते नागरिक झाले. तुझी कारकीर्द अजून सुरू व्हायची आहे आणि ती युरोपात आहे. युरोपीय संघाबाहेरच्या खेळाडूंवर तिकडच्या अनेक लीगमध्ये संख्येची मर्यादा असते, आणि नेदरलँड्समध्ये तर अशा खेळाडूला बराच मोठा किमान पगार द्यावा लागत असल्यामुळे क्लब नवख्या मुलाला घेण्यापूर्वी दहा वेळा विचार करतात. आज तुझ्याकडे जर्मन पासपोर्ट असल्याने यातले काहीच तुझ्या आड येत नाही. तो सोडून इथे यावे, तर २०२५ मध्ये इंडियन सुपर लीगचा हंगाम व्यावसायिक हक्कांच्या करारावरून लांबणीवर पडला आणि खेळाडू महिनोन्‌महिने लीगच्या सामन्यांविना बसून राहिले. त्याच वर्षी भारत २०२७ च्या आशिया चषकाच्या पात्रता फेरीतूनही बाहेर पडला.

तुला भारताच्या निळ्या जर्सीत पाहावे असे मला वाटत नाही का? फार वाटते. पण ती माझी इच्छा आहे आणि कारकीर्द तुझी आहे. माझ्या मते सरकारने ओसीआय खेळाडूंसाठी कायद्यात वाट काढायला हवी. ती निघाली, तर पहिला फोन मीच तुला करीन. मात्र बाहेरून आलेल्या चार-पाच खेळाडूंनी आपला फुटबॉल उभा राहील, असे म्हणणाऱ्यांशी मी सहमत नाही. १९५१ आणि १९६२ च्या आशियाई क्रीडा स्पर्धांत भारताने सुवर्णपदक जिंकले, ते इथल्याच मैदानांवर घडलेल्या पोरांच्या बळावर. आज आपल्या जिल्ह्यात बाराही महिने नियमित सामने मिळतील अशी किती मैदाने आहेत? हा प्रश्न तू सोडवायचा नाहीस, आणि तुझा पासपोर्ट हे त्याचे उत्तरही नाही.

मग अमेरिका की जर्मनी, हे आज ठरवू नकोस. जमाल मुसियालाने इंग्लंड आणि जर्मनी या दोन्ही देशांच्या लहान वयोगटांतून खेळून २०२१ मध्ये जर्मनी निवडली, पण तोवर तो बायर्न म्युनिकच्या पहिल्या संघातून खेळू लागला होता. अश्रफ हकिमी माद्रिदमध्ये जन्मला, स्पेनच्या शिबिरातही जाऊन आला. तिथे त्याला घरच्यासारखे वाटले नाही आणि त्याने मोरोक्को निवडले. २०२२ च्या विश्वचषकात उपांत्य फेरी गाठणाऱ्या त्या संघातील २६ पैकी १४ खेळाडू मोरोक्कोबाहेर जन्मलेले होते. मेसुत ओझिलचेही उदाहरण डोळ्यांपुढे ठेव. गेल्सनकिर्खेनमध्ये जन्मलेला आणि २०१४ चा विश्वचषक जिंकलेला हा खेळाडू २०१८ मध्ये जर्मनी पहिल्याच फेरीत बाहेर पडल्यावर टीकेचे लक्ष्य झाला, आणि वंशद्वेषाचा आरोप करून त्याने राष्ट्रीय संघ सोडला. तुझे नाव आणि तुझा रंग पाहता कधीतरी असे बोल तुलाही ऐकावे लागतील, कदाचित आजवर ऐकलेही असतील आणि आम्हाला सांगितले नसतील. ज्या संघात हरल्यावरही मान खाली घालून बसावे लागणार नाही, सोबती पाठीशी राहतील, तो संघ तू ओळखायचा आहेस. शिबिरात सरावापेक्षा जेवणाच्या टेबलाकडे जास्त लक्ष दे. कोण तुझ्या शेजारी येऊन बसतो, कोण नाव नीट उच्चारायला शिकतो, यावरून पुष्कळ कळते.

या सगळ्याच्या आधी तुझे सामने. आज तू क्लबच्या दुसऱ्या संघात चौथ्या श्रेणीत खेळतोस. देश निवडण्याचा प्रश्न खरा होईल तो पहिल्या संघात नियमित जागा मिळाल्यावर. इथे शनिवारी संध्याकाळी साडेसहाला तुझा सामना लागला की आजी चष्मा पुसून मोबाइलसमोर बसते आणि तुझी चाल पाहून तुला ओळखते. मी मात्र तुझी मान पाहत असतो. उजव्या बगलेवर चेंडू येण्यापूर्वी तू पूर्वी दोनदा मागे वळून पाहत होतास. गेल्या काही सामन्यांत एकदाच पाहतोस, त्यामुळे चेंडू आला की तुला तो गोलरक्षकाकडे परत द्यावा लागतो आणि आपल्याच संघाची चाल थांबते. मी प्रशिक्षक नाही, पण बारा वर्षे तुझे सामने काठावर उभे राहून पाहिले आहेत. हिवाळी सुट्टी संपून सराव सुरू झाला की यावर काम कर. घोट्याचे व्यायामही दुखत नसले तरी सोडू नकोस.

एजंटविषयी. तुला भेटलेल्या गृहस्थांनी भारताकडून खेळलास तर जाहिरातींचे उत्पन्न किती मिळेल याचे आकडे सांगितले, पण नागरिकत्व सोडावे लागते याविषयी एक शब्दही काढला नाही. ज्याला हे माहीत नाही किंवा माहीत असून जो सांगत नाही, त्याच्या हाती स्वतःला देऊ नये असे मला वाटते. एजंटकडे फिफाचा परवाना हवा, आणि खेळाडूशी त्याचा करार दोन वर्षांहून अधिक मुदतीचा करता येत नाही. तुला अठरा पूर्ण झाल्यामुळे क्लब आता पाच वर्षांपर्यंतचा करार पुढे करू शकतो. इतका लांब करार सुरक्षित वाटला, तरी पहिल्या संघात जागा मिळाली नाही तर तोच पायात अडकेल. अमेरिकेचा नागरिक असल्यामुळे, जर्मनीत कमावलेस तरी उत्पन्न ठरावीक मर्यादेच्या वर गेले की अमेरिकेतही कर विवरणपत्र भरावे लागते, प्रत्यक्ष कर लागो वा न लागो. अठराव्या वर्षानंतरची सिलेक्टिव्ह सर्व्हिसची, म्हणजे गरज पडल्यास सक्तीच्या सैन्यभरतीसाठीची, अमेरिकेतली नोंदणीही तुला लागू आहे. ती झाली आहे का, ते कळव.

इकडे यंदाच्या थंडीने नदीकाठच्या बागेत केळीवर चरका पडला आहे, घड बारीक राहतील असे दिसते. कांदेबाग, म्हणजे पावसाळ्यानंतर लावलेली केळी, मात्र चांगली धरली आहे. आईची तब्येत ठीक आहे. आजी रोज विचारते, "भाऊनं जेवन व्हयनं का?" म्हणून दिवसातून एकदा तिला फोन करत जा, दोन मिनिटांचा का होईना.

क्लबच्या नव्या कराराचा मसुदा आणि शिबिराच्या निमंत्रणासोबत आलेले कागद, दोन्ही मला या आठवड्यात पाठव. जळगावचे आपले वकील पाहतील, आणि जर्मन कायद्यापुरता तिथल्या खेळाडू संघटनेचा सल्ला तू स्वतः जाऊन घे. शिबिराचा होकार क्लबमार्फतच कळव, म्हणजे सुट्टीवरून प्रशिक्षकांशी वितुष्ट येणार नाही.

तुझा,
बाबा