नाशकात समुद्र कुठून आला?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गेल्या रविवारी काळाराम मंदिर सत्याग्रहावरचा, म्हणजे दलितांच्या मंदिरप्रवेशासाठी बाबासाहेब आंबेडकरांनी इथे उभारलेल्या लढ्यावरचा, एक माहितीपट पाहिला. निवेदक २ मार्च १९३०ची हकिगत सांगत होता आणि पडद्यावर पांढऱ्या टोप्यांची, हातात काठ्या घेतलेल्या माणसांची रांग झपझप चालली होती. त्यांची चालच ओळखीची वाटली. मग कॅमेरा जरा वळला आणि मागे चक्क लाटा दिसल्या. शेजारच्या आजोबांनी हळूच विचारलं, "ही आपली गोदावरी का हो?"

ती दांडीयात्रेची फीत होती. दांडीयात्रा निघाली १२ मार्चला, म्हणजे इथला सत्याग्रह सुरू झाल्यावर दहा दिवसांनी. शिवाय मूळ फीत मूक. घोषणा मागाहून स्टुडिओत चढवलेल्या.

खेळ संपल्यावर दिग्दर्शकांना विचारलं, तर म्हणाले, "वातावरणनिर्मितीसाठी घेतलंय." वातावरणच हवं असेल तर नाटक करा की! जुनी फीत आपण पुरावा म्हणून बघतो. निवेदकाचं म्हणणं एखाद्याला पटणार नाही, पण हलतं चित्र दिसलं की तोही गप्प बसतो. राजकीय माहितीपटात म्हणूनच हा प्रकार जास्त खटकतो.

गांधीजींच्या मागे देशी-परदेशी कॅमेरे होते. काळारामाच्या चार दारांशी धरणं धरून बसलेल्यांचं हलतं चित्र मात्र मी आजवर एकाही माहितीपटात पाहिलेलं नाही. आणि हे कुठे? तर फाळक्यांनी १९१३ पासून सिनेमे काढले त्या गावात! कॅमेरा कुणाकडे वळला आणि कुणाकडे नाही, हासुद्धा त्या सत्याग्रहाच्या इतिहासाचाच भाग आहे. उसनी गर्दी आणून बसवली की नेमका तोच झाकला जातो.

दृश्य नसेल तर तसं सरळ सांगावं. बाबासाहेबांनी या सत्याग्रहातले त्यांचे नाशिकचे सहकारी दादासाहेब गायकवाड यांना लिहिलेली पत्रं छापून आलेली आहेत. मंदिराचा पूर्व दरवाजा आजही जागेवर आहे. तो मिनिटभर नुसता दाखवून त्यावर एक पत्र वाचलं असतं, तरी सभागृह स्तब्ध झालं असतं. आणि जुनी फीत घ्यायचीच असेल, तर कोपऱ्यात ठिकाण व साल टाकायला कितीसा खर्च येतो?

बाहेर पडताना कॉलेजची दोन-तीन मुलं मोबाइलवर घेतलेला नेमका तोच तुकडा पुढे धाडत होती. खाली लिहिलं होतं : नाशिक, १९३०.

– एक वाचक, पंचवटी, नाशिक