‘२९७’ची फळी

महोदय,

मी ३१ वर्षं सार्वजनिक वाचनालयात ग्रंथपाल होते. ग्रंथालयांच्या दशांश वर्गीकरणात इस्लामला २९७ हा क्रमांक आहे. बीड जिल्ह्यातल्या आमच्या तालुक्याच्या गावी ही फळी दोन हातही भरत नसे. निवृत्त होण्याआधी दाखल नोंदवही काढून मोजलं, तर ४३ पुस्तकं निघाली. बहुतेक देणगीत आलेल्या पुस्तिका. काही धर्माचा महिमा गाणाऱ्या, काही धर्मावर तुटून पडणाऱ्या. ‘हे अमक्या साली घडलं, त्याचा आधार अमका’ असं शांतपणे सांगणारी पुस्तकं एका हाताच्या बोटांवर मोजावीत इतकीच.

हे आता लिहिण्याचं कारण म्हणजे गेल्या महिन्यात घरी आलेली एक मुलगी. इतिहासात एम.ए. करते. तिच्या गावच्या दर्ग्याच्या ओट्यात बसवलेल्या एका दगडाचा फोटो तिने मोबाइलवर दाखवला. अरबीतला नऊ इंग्रजी नऊसारखाच दिसतो आणि एक म्हणजे नुसती उभी रेघ. त्यामुळे साल तिला सहज लागलं होतं : ९९१. परीक्षेच्या एका गाइडमध्ये ‘हिजरी सालात ६२२ मिळवा, इसवी सन मिळेल’ असं छापलेलं. तिने मिळवले. आले १६१३. मग तिने प्रकल्पात लिहिलं की हा दगड मलिक अंबरच्या काळातला.

मी तिला पंचांगावरून समजावलं. आपल्याकडे अधिक मास धरतात, म्हणून दिवाळी पावसाळ्यात जात नाही. हिजरी वर्ष निव्वळ चांद्र, ३५४-५५ दिवसांचं. त्यात अधिक मास नाही, म्हणून रमजान दरवर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे येतो. हजार वर्षांच्या आसपास हा फरक तीस वर्षांवर जातो. हिजरी ९९१ म्हणजे इसवी १५८३. तेव्हा अहमदनगरच्या गादीवर मुर्तजा निजामशहा होता आणि मलिक अंबरचं नावही इथे कुणाला ठाऊक नव्हतं. पोरीचा चेहरा उतरला. तिची यात काय चूक? तिच्या हाताला लागलेलं एकमेव पुस्तक चुकीचं होतं आणि ते ताडून पाहायला दुसरं कुठेच नव्हतं.

असे वाचक मी नोकरीत कितीतरी पाहिले. एक कीर्तनकार आले होते. त्यांना श्रीगोंद्याच्या शेख महंमदांवर निरूपण करायचं होतं. ‘योगसंग्राम’ त्यांना जवळजवळ पाठ. त्यांनी विचारलं, “बाई, यांचे गुरू चांद बोधले कादरी होते म्हणतात, तर कादरी म्हणजे काय?” बगदादला ११६६ साली वारलेले अब्दुल कादिर जिलानी, त्यांच्या नावाने चाललेली सूफींची परंपरा आणि तिची दख्खनेत आलेली शाखा, एवढं सांगणारं पानभर मराठी मला हवं होतं. शेवटी सेतुमाधवराव पगडींचं सूफी संप्रदायावरचं पुस्तक दुसऱ्या गावच्या वाचनालयातून मागवून दिलं. कीर्तनकारांनी ते तीन महिने ठेवलं. मी दंड घेतला नाही.

जगात या विषयावर काय काम झालंय ते पाहिलं की जीव हरखतो आणि तुटतोही. हॉलंडमधल्या लायडनहून इस्लामचा इंग्रजी ज्ञानकोश १९१३ पासून निघाला. त्याची दुसरी आवृत्ती बारा खंडांची झाली आणि तिसरी अजून चालू आहे. तुर्कांनी आपल्या भाषेत ४४ खंड काढले. १९८८ ला सुरुवात, २०१३ ला पूर्ण. तो कोश इंटरनेटवर कुणालाही फुकट वाचता येतो. यातल्या नोंदीखाली आधार दिलेले असतात आणि ते आधार किती जुने हेही सांगितलेलं असतं. पैगंबर ६३२ साली गेले. त्यांचं चरित्र लिहिणारे इब्न इसहाक ७६७ च्या सुमारास वारले आणि त्यांचं पुस्तकही आज आपल्यापुढे आहे ते मुख्यतः इब्न हिशाम यांनी नंतर केलेल्या संपादनातून. ही साखळी वाचकापुढे ठेवली की श्रद्धावानाचा अपमान होत नाही आणि शंका घेणाऱ्याचं तोंडही दाबलं जात नाही. मला ग्रंथपाल म्हणून हेच हवं होतं. माझ्या टेबलासमोर दोघेही येऊन उभे राहायचे.

लायडन लांब राहिलं, हैदराबाद तर आमचंच होतं. माझे वडील निजामाच्या राजवटीत उर्दूतून शिकले. तिथल्या ‘दाइरतुल मआरिफ’ या संस्थेने १८८८ पासून जुनी अरबी हस्तलिखितं संपादून छापली. अल्-बीरूनीचा खगोलशास्त्रावरचा मोठा ग्रंथ तिने १९५४ ते ५६ मध्ये तीन भागांत काढला. आमच्या जुन्या राजधानीत छापलेले ग्रंथ जगभरच्या अभ्यासकांच्या टेबलावर पोचले. मराठवाड्यातल्या वाचनालयात मला त्यातलं एकही पान मराठीत मिळालं नाही.

मराठी माणसांनी काही केलं नाही असं मात्र कुणी म्हणू नये. गणेश हरी खरे फारसी शिकले आणि ‘ऐतिहासिक फारसी साहित्या’चे सहा खंड त्यांनी सिद्ध केले. माधव जूलियनांनी १९२५ मध्ये फारसी-मराठी कोश दिला. माथेरानला जन्मलेले असफ फैजी मुस्लिम कायद्यावरचे जगन्मान्य पंडित. आपल्याकडची इस्माइली हस्तलिखितं त्यांनी मुंबई विद्यापीठाला देऊन टाकली. दख्खनच्या मध्ययुगीन इतिहासाचे दोन खंड शेरवानी आणि पु. म. जोशी यांनी मिळून संपादले, पण ते इंग्रजीत. वाईच्या विश्वकोशाच्या दुसऱ्या खंडात इस्लामवर नोंद आहे, आणि कितीतरी मुलांना मी तीच उघडून दिली. पण विश्वकोश सगळ्या जगाचा. दर्ग्याच्या ओट्यावरचा दगड वाचायला तो कसा पुरणार?

माझं मागणं फार मोठं नाही. विद्यापीठांचे इतिहास, उर्दू आणि फारसी विभाग यांनी विश्वकोश मंडळाच्या सोबतीने एक तीन-चारशे पानांचा संदर्भग्रंथ मराठीत करावा. त्यात हिजरी, शुहूर (दख्खनच्या जुन्या कागदांतलं सौर वर्षाचं साल), फसली (शेतसाऱ्याच्या हिशेबाचं साल) आणि इसवी सनांची जंत्री हवी. बहमनी आणि पुढच्या पाच शाह्यांच्या वंशावळी हव्यात. सिलसिला, इनाम, वक्फ, काजी, मुजावर अशा शब्दांचे अर्थ हवेत, कारण हे शब्द आपल्या सातबाऱ्यात आणि मोडी कागदांत रोज भेटतात. प्रत्येक नोंदीखाली आधार असावा. किंमत ‘ड’ वर्गाच्या वाचनालयाला परवडेल अशी ठेवावी. आणि ज्यांच्या घरी आजोबांच्या पेटीत उर्दू-फारसीची जुनी पुस्तकं पडून आहेत त्यांना माझी हात जोडून विनंती, ती रद्दीत घालू नका. जवळच्या वाचनालयात नेऊन द्या.

त्या दगडाचं काम अजून संपलेलं नाही. सालाच्या खाली आणखी एक ओळ आहे, पण वर्षानुवर्षांच्या चुन्याने ती बुजली आहे. तिथे ‘शुहूर’ असा शब्द निघाला, तर आमचं १५८३ही चुकलं. मग साल १५९०-९१ धरावं लागेल, म्हणजे बुऱ्हाण निजामशहा गादीवर येण्याच्या सुमाराचं. मुजावरांनी ओल्या फडक्याने चुना हळूहळू सोडवायची परवानगी दिली आहे. येत्या गुरुवारी मी आणि ती मुलगी जाणार आहोत. माधव जूलियनांच्या कोशाची वडिलांची प्रत मी पिशवीत घालून ठेवली आहे.

आपली,
एक निवृत्त ग्रंथपाल,
जि. बीड