तीन झाकणांत संपलेली बाटली

मा. सार्वजनिक आरोग्यमंत्री, महाराष्ट्र राज्य यांस,

स. न. वि. वि.

“डॉक्टर, कसलं औषध लिहिलंत? तीन झाकणांत बाटली संपली!” गेल्या पावसाळ्यात एका बापाने १५ मिलीची रिकामी बाटली माझ्या टेबलावर ठेवली. दुसरी बाटली मेडिकलमधून आणून तीही निम्मी झाली होती. कडेवर दोन वर्षांचा पोरगा, सकाळपासून उलट्या.

बाटली पॅरासिटामॉल ड्रॉप्सची होती. घरी जुन्या सिरपचं ५ मिलीचं झाकण होतं. आजीने नेहमीसारखं त्यानेच मोजून दिलं. सिरपच्या ५ मिलीत साधारण १२५ मिलिग्रॅम औषध असतं, ड्रॉप्सच्या एका मिलीत १००. म्हणजे प्रत्येक झाकणाला चौपट डोस, तोही दीड दिवस. आजीला काय बोल लावणार? चिठ्ठीवर ड्रॉप्स मीच लिहिले होते. किती द्यायचे ते बापाला तोंडी सांगितलं, आणि बाप सकाळी कामावर गेला.

साहेब, पॅरासिटामॉल वाईट औषध नाही. डेंग्यूच्या तापात आम्ही तेच देतो. पण प्रमाण सुटलं की यकृतात त्याचा एक विषारी पदार्थ साठू लागतो. त्याला निष्प्रभ करणारं ग्लुटाथिऑन संपलं की यकृताच्या पेशी मरतात. फसवा असतो तो पहिला दिवस. थोडी मळमळ, कधी तेवढीही नाही. यकृताची खरी अवस्था तिसऱ्या-चौथ्या दिवशी कळते. घरच्या भांडणात गोळ्या घेतलेली तरुण मुलं म्हणूनच ‘आता बरं वाटतंय’ म्हणत घरी जातात. त्यांना उतारा तर हवाच, शिवाय कुणीतरी शांतपणे बोलणारंही हवं. टेली मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर डिस्चार्ज कार्डावर छापायला काय हरकत आहे?

उतारा म्हणजे एन-ॲसिटिलसिस्टीन. एकदाच जास्त डोस गेला असेल आणि ८ तासांच्या आत हे सुरू झालं, तर यकृत जवळजवळ नक्की वाचतं. उशीर झाला तरी द्यायचंच असतं. एरवी ४ तासांनंतर रक्तातली पॅरासिटामॉलची पातळी तपासून ती रुमॅक आणि मॅथ्यू या संशोधकांच्या १९७५ च्या आलेखावर मांडतात आणि उतारा लागेल का ते ठरवतात. पण तो आलेख एकाच वेळी घेतलेल्या आणि वेळ ठाऊक असलेल्या डोससाठी आहे. आमच्या पोराला तो लागू नव्हता. त्याच्यासाठी पातळी आणि एएलटी (यकृताला इजा झाली की रक्तात वाढणारा घटक), दोन्ही पाहायचे. पातळी तालुक्यात होत नाही. एएलटी झाला, आणि तो वाढलेला निघाला.

मग उताऱ्याच्या इंजेक्शनची शोधाशोध. जवळच्या सरकारी दवाखान्यात नाही, चार मेडिकलमध्ये नाही. मिळाल्या त्या याच औषधाच्या, खोकल्यासाठी विकतात त्या ६०० मिलिग्रॅमच्या फसफसणाऱ्या गोळ्या. वजन ११ किलो; अडीच गोळ्या पाण्यात विरघळवल्या. त्याला कुजक्या अंड्याचा वास येतो. पोराने निम्मं औषध माझ्या शर्टावर ओकलं. उरलेलं चमच्या-चमच्याने पाजत आईने ७० किलोमीटरचा प्रवास केला. जिल्ह्याला सलाइनमधून २१ तास औषध चाललं. पोरगा वाचला, आता पळतो.

हे औषध राष्ट्रीय अत्यावश्यक औषधांच्या यादीत आहे. ६० किलोच्या माणसाच्या पूर्ण कोर्सला १८ ग्रॅम लागतात. एवढा साठा प्रत्येक ग्रामीण रुग्णालयात सर्पदंशाच्या लसीशेजारी ठेवा. रिपोर्टला उशीर होणार असेल तर त्याची वाट न पाहता पहिला डोस तिथेच सुरू करून मग रुग्ण पुढे पाठवावा, असं लेखी कळवा. नुसतं तोंडी सांगितलेलं पाळलं जात नाही, हे मी अनुभवाने सांगतो. एम्सच्या विष माहिती केंद्राचा १८०० ११६ ११७ हा नंबर भिंतीवर लावा.

बाटल्यांचा प्रश्न अन्न व औषध प्रशासनाचा, तुमच्या खात्याचा नाही, मान्य. पण मंत्रिमंडळ एकच आहे. अमेरिकेतल्या कंपन्यांनी २०११ मध्ये तान्ह्या बाळांचे जास्त तीव्र पॅरासिटामॉल ड्रॉप्स बंद करून लहान मुलांच्या सगळ्या पातळ पॅरासिटामॉलची तीव्रता एकच ठेवायचं ठरवलं. आपल्याकडे निदान ड्रॉप्सच्या बाटलीवर ठळक मराठीत ‘झाकणाने देऊ नका’ एवढं तरी येऊ द्या.

पुढच्या दौऱ्यात एखाद्या ग्रामीण रुग्णालयात, आधी न कळवता, औषधांचं कपाट उघडायला लावा आणि हे इंजेक्शन दाखवायला सांगा.

आपला,
तालुक्याच्या गावातला एक बालरोगतज्ज्ञ