फ्रिजमध्ये ठेवलेली किल्ली

आदरणीय काका,

सप्रेम नमस्कार.

साहित्यिकांवर आणि कलावंतांवर माहितीपट करण्यात माझी जवळपास तीस वर्षे गेली. त्यांतल्या ज्या प्रसंगाचे सर्वाधिक कौतुक झाले, तो वास्तविक तुमचा आहे, हे मी जाहीरपणे कधी सांगितले नाही.

सदाशिव पेठेतल्या वाड्यात आपण एका वृद्ध कवींचे चित्रीकरण करीत होतो; ध्वनिमुद्रण तुमच्याकडे होते. 16 मिलिमीटर फिल्मचे 400 फुटांचे रीळ सुमारे 11 मिनिटांत संपते, आणि त्या खर्चाच्या धास्तीने मी प्रश्नांची घाई करीत होतो. कवीही व्यासपीठावरून बोलावे तशी घोटीव उत्तरे देत होते. रीळ संपले, दिवे मालवले, चहा आला. बशीत चहा ओतता ओतता ते आपल्या थोरल्या बहिणीविषयी बोलू लागले. पहाटे जात्यावर ती ज्या ओव्या म्हणत असे, त्यांतून आपल्याला लय सापडली, असे त्यांनी त्याआधी कुठे सांगितल्याचे माझ्या वाचनात नव्हते. मी कॅमेऱ्याकडे धावणार, तोच तुम्ही हेडफोन न काढता एक बोट वर केलेत. तुमचा नाग्रा टेपरेकॉर्डर चालूच होता.

मला घबाड मिळाल्याचा आनंद झाला होता. तुम्ही मात्र दुसऱ्या दिवशी सकाळी मला पुन्हा वाड्यात नेऊन ती टेप कवींना ऐकवलीत आणि परवानगी मागायला लावलीत. बराच वेळ ते गप्प होते. मग एक वाक्य गाळायला सांगून त्यांनी होकार दिला. माहितीपटात तो आवाज ओसरीतल्या रिकाम्या जात्यावर ऐकू येतो. समीक्षकांनी त्याला माझी दृश्यकल्पना म्हटले. खरे तर माझ्याकडे दुसरे दृश्यच नव्हते.

सत्यजित राय यांचा रवींद्रनाथांवरील 1961 सालचा माहितीपट पाहून मी भारावलो होतो आणि आपल्यालाही तसेच भारदस्त निवेदन हवे, असा हट्ट धरून बसलो होतो. रवींद्रनाथ 1941 सालीच गेले होते, म्हणून राय यांना निवेदन लागले. आपला माणूस तर समोर बसलाय, मग मध्ये तिसरा कशाला, असे तुम्ही विचारलेत. मी लिहिलेली निवेदनाची नऊ पाने त्याच संध्याकाळी बाद झाली. (त्या वेळी राग आला होता, हेही कबूल करतो.)

ध्वनिमुद्रणात घरघर नको म्हणून तुम्ही यजमानांचा फ्रिज बंद करीत असा, आणि निघताना तो चालू करायला विसरू नये म्हणून लूनाची किल्ली आतच ठेवीत असा. मागच्या महिन्यात कोथरूडला एका लेखिकेकडे मीही तसेच केले. निघताना किल्ली सापडेना, तेव्हा त्यांनीच ती दुधाच्या पातेल्याशेजारून काढून दिली आणि ही इथे कशी, असे विचारले. मग अर्धा तास तुमच्याविषयीच बोलणे झाले.

आपला कृतज्ञ,
एक माहितीपटकार, पुणे