आमची माय बी परफॉर्मन्सच करते

मा. संपादक साहेब,
स. न. वि. वि.

तुमच्या रविवारच्या पुरवणीत परफॉर्मन्स आर्ट, म्हणजे लोकांसमोर स्वतःच वावरून कला दाखवणाऱ्या निखिल चोप्रावर लेख आला होता अन् त्यावर मागच्या आठवड्यात एका वाचकाचं पत्र, की लोकांसमोर दाढी करायची, कपडे बदलायचे, कोळशानं भिंत काळी करायची, ही कसली कला, पैसेवाल्यांची थेरं. खरं सांगतो, लेख वाचताना मलाबी पहिल्यांदा तसंच वाटलं. चित्र काढतो तर काढ ना बाबा, वेष कशाला बदलायलास? पण आमच्या दारात बहुरूपी फौजदार होऊन यायचा तेव्हा त्याला कुणी थेरं म्हणलं नाही, उलट मापटंभर ज्वारी घातली.

त्या लेखातलं एक डोक्यातून जाईना. त्याचे आजोबा निसर्गचित्रं काढायचे, त्यांच्यावरून त्यानं योगराज चित्रकार नावाचं पात्र उभं केलं अन् त्या कपड्यात तो तासन् तास राहतो, तिथंच खातो, झोपतो, समोर दिसेल ते काढतो. २०१९ ला तर न्यूयॉर्कच्या मेट म्युझियममध्ये सलग ९ दिवस मुक्काम ठोकला होता. आजोबा नुसते सांगून कळत नाहीत म्हणून अंगावर घालून बघायचे, असं मी समजलो, चूकबी असेल.

आता आमचं ऐका. आम्ही किल्लारी पट्ट्यातले. ३० सप्टेंबर १९९३, पहाटे ३.५६, गणपती बोळवून लोक झोपलेले अन् भूकंप झाला, दगडमातीच्या भिंती, वरचं माळवद, सगळं अंगावर आलं. मी सातवीला होतो. आता नव्या गावात सरळ रस्ते, एकसारखी घरं. पण मायला पत्ता विचारा, ती अजून "वेशीपशी", "पाराच्या पल्याड" असंच सांगते, इथं वेसबी नाही अन् पारबी नाही.

गेल्या वर्षी तिला जुन्या गावठाणात नेलं. नुसती दगडं अन् येड्या बाभळी. ती सरळ चालत गेली, एका जागी थांबली, पदर सावरला अन् वाकली. मी म्हणलं कंबर धरली का, तर म्हणे, "चौकट बुटकी हाय की रं." मग आत (कशाच्या आत ते तुम्हीच ठरवा) ही ढेलज, ही देवळी, ही चूल म्हणत हातानं चाचपत फिरली, नसलेल्या बाजेला वळसाबी घातला. माझी लेक मोबाईलवर शूट करायली होती, तिनं मधेच बंद केलं अन् तीबी वाकूनच आत आली.

दरवर्षी त्या दिवशी श्रद्धांजली होते, होऊ द्या. पण एखाद्या गावठाणात फाईन आर्टच्या पोरांनी फक्कीनं जमिनीवर घरं आखावीत अन् म्हाताऱ्या माणसांना आपापल्या घरातून फिरू द्यावं, ती सांगतील तसं भिंती सरकवाव्यात, एवढं कुणी मनावर घेईल का? मायचे गुडघे लई दुखायलेत, यंदाच झालं तर बरं.

आपला एक वाचक,
ता. औसा, जि. लातूर