खान्देशात ब्लॅक करंट नको, फालसा लावा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

मृग तोंडावर आला की खान्देशात रोपांची खरेदी सुरू होते. अलीकडे तिच्यात ‘ब्लॅक करंट’ नावाचं रोपही दिसू लागलं आहे. मोबाइलवर ‘कोणत्याही हवामानात येते, कुंडीतही भरपूर फळे’ अशी जाहिरात असते, आइस्क्रीममुळे नाव ओळखीचं असतं आणि माणूस मोहात पडतो. जळगाव, धुळे, नंदुरबारच्या वाचकांना कळकळीने सांगायचं आहे की तापीकाठच्या हवेत हे झुडूप फळ देत नाही. निगा कितीही राखली तरी देत नाही. त्याच आकाराचं, तसंच जांभळं-काळं आंबटगोड फळ देणारं आणि आपलं ऊन सोसणारं झुडूप मात्र आपल्याकडे आहे, ते म्हणजे फालसा.

ब्लॅक करंट का येत नाही, ते आधी पाहू. हे थंड देशातलं, पानगळ होणारं झुडूप. हिवाळ्यात ते झोपतं आणि वसंतात डोळे फुटण्यासाठी त्याला सात अंशांखालच्या थंडीचे साधारण 800 ते 1500 तास लागतात. जातीनुसार आकडा कमीजास्त होतो. आपल्याकडे थंडीच्या लाटेत धुळ्याला पारा सहा-सात अंशांवर येतो खरा, पण पहाटेच्या तीन-चार तासांपुरताच. अशा रात्री हिवाळ्यात दहा-पंधरा धरल्या तरी पन्नास-साठ तासांपुढे हिशेब जात नाही. एवढ्या थंडीत डोळे अर्धवट फुटतात, फुलोरा तुरळक येतो किंवा येतच नाही.

कुंडी फ्रिजमध्ये ठेवून थंडी द्यावी का, असंही विचारलं जातं. समजा दिली. पुढे मे महिना आहेच. ब्लॅक करंटची मुळं उथळ आणि तंतुमय असतात. 44-45 अंशांच्या दुपारी कुंडीतली माती तापली की ती भाजून निघतात. त्यात या झुडपाला सामू (pH, म्हणजे मातीचा आंबटपणा दाखवणारा आकडा) 6 ते 6.5 ची, किंचित आंबट माती लागते. आपली काळी जमीन चुनखडीची, सामू बहुतेक ठिकाणी 7.5 ते 8.5, आणि बोअरचं पाणी क्षारयुक्त. थंडी, ऊन आणि माती या तिन्ही बाजूंनी त्याचं जमत नाही.

हिमाचल-काश्मीरच्या उंच भागात घर असेल किंवा मुलं युरोपात असतील, तर त्यांनी ते अवश्य लावावं. पानं गळालेली असताना, नोव्हेंबर ते मार्चमध्ये, रोपावरच्या मातीच्या जुन्या खुणेपेक्षा पाच सेंटिमीटर खोल लावायचं, म्हणजे जमिनीखालून नवे फुटवे येतात. दोन झुडपांत पाच फूट अंतर ठेवायचं. लावल्या लावल्या सगळ्या काड्या जमिनीपासून दोन डोळ्यांवर छाटायच्या आणि पहिल्या वर्षीच्या फळाची आशा सोडायची. फळ मुख्यतः आदल्या वर्षीच्या काडीवर येतं, म्हणून चौथ्या हिवाळ्यापासून दरवर्षी जुन्या, काळपट काड्यांपैकी तिसरा-चौथा हिस्सा बुडापासून काढायचा. हिवाळ्यात एखादा डोळा टोकदार न राहता वाटाण्यासारखा गोल फुगलेला दिसला, तर आत कोळी (डोळ्यांना न दिसणारी सूक्ष्म कीड) आहे असं समजावं. असे डोळे खुडून जाळावेत, कारण हाच कोळी झुडूप वांझ करणारा विषाणू पसरवतो.

आता फालसा. त्याची छाटणी अगदी उलटी आहे, आणि ब्लॅक करंटची माहिती वाचून फालशावर कात्री चालवणारे इथेच फसतात. फालशाला फळ त्याच वर्षीच्या नव्या फुटव्यावर, पानांच्या बगलेत येतं. जुन्या काड्या जपल्या तर झुडूप दहा-बारा फूट वाढतं, फळ शेंड्याला जातं आणि कमी लागतं. म्हणून दरवर्षी सगळंच झुडूप खाली उतरवायचं. डिसेंबरच्या सुरुवातीपासून दोन-तीन आठवडे पाणी तोडावं, पानं पिवळी पडू द्यावीत. डिसेंबरअखेर ते मध्य जानेवारीत जमिनीपासून अडीच-तीन फुटांवर सगळ्या काड्या धारदार कात्रीने कापाव्यात. वाळकी, एकमेकींवर घासणारी काडी बुडापासून काढावी. पार जमिनीलगत छाटू नये. तशाने रसरशीत लांब काड्या येतात, पण फळाचं प्रमाण घटतं.

छाटणी झाली की आळं उकरून झुडपामागे दहा किलो कुजलेलं शेणखत आणि शंभर ग्रॅम युरिया द्यावा, भरपूर पाणी सोडावं. आणखी शंभर ग्रॅम युरिया फळं ज्वारीएवढी झाल्यावर. हा हिशेब तीन वर्षांच्या झुडपाचा आहे. पहिल्या वर्षी त्याच्या तिसऱ्या हिश्शात भागतं. दोन-तीन आठवड्यांत फुटवे दिसतात, मग बारीक पिवळी फुलं येतात आणि साधारण एप्रिलच्या मध्यापासून मेअखेरपर्यंत फळ उतरतं. ऐन उन्हाळ्यात, बाजारात बाकी फळं महागलेली असताना परसात हे फळ मिळतं.

फालशाची लागवड पावसाळ्याच्या सुरुवातीला, दोन चांगले पाऊस झाल्यावर करावी. दीड फूट लांब-रुंद-खोल खड्डा घ्यावा. निव्वळ काळी माती परत भरू नये. उन्हाळ्यात तिला भेगा पडतात आणि कोवळी मुळं तुटतात. निम्मी काळी माती, पाव हिस्सा बारीक मुरूम किंवा वाळू, पाव हिस्सा शेणखत आणि अर्धा किलो निंबोळी पेंड असं मिश्रण भरावं. निंबोळी पेंडीने वाळवीलाही थोडा आळा बसतो. दोन झुडपांत आठ फूट. फालशाला ऊन चालतं, कोरड चालते, पण साचलेलं पाणी चालत नाही. म्हणून पावसाळ्यात आळं मोडून बुंध्याशी मातीचा उंचवटा करावा आणि दिवाळीनंतर पुन्हा आळं बांधावं. कुंडीत लावायचं तर निदान वीस इंची ड्रम घ्यावा, बारा इंची कुंडीत ते खुरटतं.

फळ धरल्यापासून पाण्याची हयगय नको. भारी जमिनीत आठवड्याला एकदा, हलक्या जमिनीत दोनदा, आणि मे महिन्यात ठिबक असेल तर एक दिवसाआड. या काळात ताण पडला तर फळ सुकून नुसती बी उरते. बुंध्याभोवती चार बोटं जाडीचं आच्छादन करावं. जळगावकडे केळीच्या वाळक्या पानांची वाण नाही, ती जाळण्यापेक्षा इथे पसरावीत. फक्त खोडाला टेकू देऊ नयेत, नाहीतर साल कुजते.

आपल्या जमिनीत हमखास दिसणारी तक्रार म्हणजे पिवळी पानं. कोवळ्या पानाची शीर हिरवी आणि मधला भाग पिवळसर-पांढरा पडला, तर ती लोहाची कमतरता. लोह जमिनीत असतं, पण चुनखडीमुळे मुळांना मिळत नाही, म्हणून जमिनीत हिराकस (फेरस सल्फेट) टाकून फारसा उपयोग होत नाही. एक लिटर पाण्यात पाच ग्रॅम हिराकस आणि एक ग्रॅम सायट्रिक ॲसिड विरघळवून संध्याकाळी पानांवर फवारावं, दहा-बारा दिवसांनी पुन्हा. द्रावण तांबूस झालं तर वापरू नये. याउलट जुनी, खालची पानं सरसकट पिवळी होत असतील, तर नत्र कमी आहे किंवा पाणी साचतंय.

दुसरा शत्रू साल खाणारी अळी. दोन फांद्यांच्या बेचक्यात भुशासारखी विष्ठा आणि रेशमी जाळं दिसलं की ते खरवडून काढावं, खाली छिद्र सापडेल. त्यात तार घालून अळी मारावी, रॉकेलमध्ये भिजवलेला कापसाचा बोळा कोंबून वर चिखल लिंपावा. बुलबुल आणि साळुंक्या मात्र फळ पिकण्याची वाटच बघत असतात. झुडपावर जुनी सुती साडी किंवा जाळी टाकली की काम भागतं.

फळं एकदम पिकत नाहीत. एकाच घोसात हिरवं, लाल आणि जांभळं फळ असतं, म्हणून एक दिवसाआड फक्त गडद जांभळी तोडावीत. तोडलेलं फळ पिकत नाही, आणि पिकलेलं दोन दिवसांपलीकडे टिकत नाही. म्हणूनच बाजारात ते क्वचित आणि महाग मिळतं, आणि म्हणूनच ते घरी असावं. चांगल्या वाढलेल्या झुडपाला हंगामात तीन ते पाच किलो फळ मिळतं. सरबतासाठी पाव किलो फळ हाताने कुस्करावं, चार पेले पाणी घालून गाळावं, साखर आणि काळं मीठ चवीप्रमाणे. मिक्सर लावू नये. बिया भरडल्या की सरबत तुरट होतं.

एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगितली पाहिजे. ब्लॅक करंटमध्ये 100 ग्रॅममागे सुमारे 180 मिलिग्रॅम क जीवनसत्त्व असतं, फालशात त्याच्या मानाने फारच कमी. त्यासाठीच रोप हवं असेल तर पेरू किंवा आवळा लावा. कुंपण हवं असेल तर करवंद लावा. तीन-चार फुटांवर लावलं की काट्यांची भिंत होते.

फालशाचं रोप मिळालं नाही तर बीपासून करता येतं. फांदीला मुळं सहज फुटत नाहीत, त्यामुळे बीच बरी. नुकत्याच संपलेल्या हंगामातल्या पक्व फळांची बी धुऊन, सावलीत सुकवून, एक सेंटिमीटर खोल पेरावी. दोन-तीन आठवड्यांत उगवते. चांगली जोपासना झाली तर लावणीनंतर सव्वा-दीड वर्षात पहिलं फळ दिसतं.

जिल्ह्यातल्या रोपवाटिकाचालकांना विनंती, की थंड प्रदेशातलं कोणतंही रोप विकताना त्याला किती थंडी लागते हे चिठ्ठीवर लिहावं आणि फालशाची रोपं या पावसाळ्यापासून ठेवावीत. कृषी पुरवणीत आपण फालशाच्या छाटणीची छायाचित्रं डिसेंबरात छापलीत, तर वाचकांना ऐन वेळी उपयोग होईल.

कळावे,
फळझाडांचा एक अभ्यासक,
ता. चोपडा, जि. जळगाव