14 जानेवारीला पानिपत आणि नामविस्तार, दोन्ही छापा

मा. संपादक, सप्रेम नमस्कार.

तुमचं दिनविशेष सदर मी रोज वाचतो, पण 14 जानेवारीला दरवर्षी 1761 चं पानिपत ठळक येतं अन् 1994 चा मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं नाव देणारा नामविस्तार कुठंतरी शेवटच्या ओळीत, हे मनाला लागतं. पानिपत मोठंच आहे, सदाशिवरावभाऊ अन् विश्वासराव त्याच दिवशी पडले, त्याला कोण नाही म्हणतंय. अन् ते आपल्या भागाशीही जोडलेलं आहे, 1760 ला उदगीरला निजामाला हरवून भाऊ परतूरवरूनच उत्तरेकडं निघाले, पण हेही सदरात कधी येत नाही.

आणि नामविस्ताराचं काय? 27 जुलै 1978 ला विधिमंडळात ठराव झाला अन् नाव लागायला 1994 उजाडलं, मधली सोळा वर्षं मराठवाड्यानं काय काय बघितलं, नाव द्यायला विरोध म्हणून गावोगावी दलितांची घरं जाळली, नांदेड जिल्ह्यातल्या टेंभुर्णीत पोचीराम कांबळेंना मारलं, नांदेडात 1993 ला गौतम वाघमारेंनी याच मागणीसाठी स्वतःला पेटवून घेतलं. ही नावं एका ओळीत कशी बसणार?

त्या दिवशी विद्यापीठाच्या गेटवर येऊन बघा, खेड्यातनं आलेल्या म्हाताऱ्या बाया लेकरांना कडेवर घेऊन गेटला हात लावून पाया पडतात, बाजूला पुस्तकांचे स्टॉल लागलेले असतात अन् तरुण पोरं पिशव्या भरभरून पुस्तकं नेतात.

पुढच्या वर्षी दोन्ही घटना सारख्याच जागेत छापा, हुतात्म्यांच्या नावासकट, एवढीच विनंती.

आपला,
एक वाचक, नांदेड